शेजारच्या बाळाचं नाव ‘मास्रेशा’. अम्हारिक जाणणारं कुणी आहे का इथे?

मधुमालती

नमस्कार मंडळी. आम्ही मेरीलँडात सिल्व्हर स्प्रिंगला राहतो. इकडे इथिओपियाची माणसं भरपूर. दुकानांच्या पाट्यांवर इंग्रजीखाली त्यांची ती हातपाय फुटल्यासारखी अक्षरं दिसतात. आमच्या शेजारीही असंच एक अम्हारिक (त्यांची तिकडची भाषा) बोलणारं घर आहे. नवरा, बायको आणि बायकोची आई. पाच आठवड्यांपूर्वी त्यांना मुलगा झाला. नाव ठेवलंय मास्रेशा.

मी हौसेनं अर्थ विचारला. शेजारीण म्हणाली, इंग्रजीत नीट सांगता येत नाही, आणि उठून कॉफी ओतायला लागली. नावांच्या एका साइटवर ‘शूर’ असा अर्थ सापडला, दुसरीवर ‘देवाची देणगी’. (तिथे जगातल्या निम्म्या नावांचा अर्थ देवाची देणगीच असतो म्हणा.)

येत्या रविवारी चर्चमध्ये बाळाचा कार्यक्रम आहे, आपल्या बारशासारखं काहीतरी, आणि आम्हाला आग्रहाचं बोलावणं आहे. पेढे करून न्यावेत असा विचार आहे. आणखी एक कोडं म्हणजे दाराच्या पाटीवर नवऱ्याचं आडनाव एक, बायकोचं दुसरं, आणि हॉस्पिटलच्या कागदावर बाळाचं तिसरंच. विचारायची सोय नाही, म्हणून इथे विचारतेय.

---

तिरपा_डोळा

तीन आडनावं म्हणजे तीन आहेर. पेढ्यांचे तीन डबे करा.

---

गोदाकाठ

मधुमालतीताई, थोडंफार सांगू शकतो. माझे वडील सम्राट हायले सेलासीच्या काळात तिकडे गणिताचे शिक्षक होते. तेव्हा भारतातून पुष्कळ शिक्षक इथिओपियाला गेले होते. गोज्जाममधल्या देब्रे मार्कोस गावात माझं बालपण गेलं. १९७४ला क्रांती झाली, सम्राटाला उतरवलं, आणि आम्ही नाशिकला परतलो. त्यामुळे माझी अम्हारिक ही अंगणात खेळणाऱ्या पोराची अम्हारिक आहे.

आडनावाचं कोडं सोपं आहे. त्यांच्यात आडनाव नसतंच. स्वतःचं नाव, मग वडिलांचं, लागलं तर आजोबांचं. धावपटू हायले गेब्रसेलासी घ्या. त्याचं नाव हायले, गेब्रसेलासी हे वडिलांचं. म्हणून तिकडे पंतप्रधानांनाही पहिल्या नावानंच ओळखतात. लग्न झालं तरी बाई बापाचंच नाव लावते. म्हणजे तुमच्या शेजारणीच्या नावापुढे तिचे वडील, नवऱ्याच्या नावापुढे त्याचे वडील, आणि बाळाच्या नावापुढे तो नवरा. तीन आडनावं नव्हेत, तीन बाप आहेत. आपल्या तिहेरी नावातलं शेवटचं खोडलं की उरतं ते हेच.

आता मास्रेशा. ‘शूर’ वगैरे सोडून द्या.

‘रेस्सा’ म्हणजे तो विसरला. ‘आस्रेस्सा’ म्हणजे त्यानं विसरायला लावलं. आणि आरंभी ‘मा’ लागून झालं मास्रेशा, म्हणजे ज्यानं विसर पडतो ते. हा ‘म’ तिकडे हत्यारा-अवजारांच्या नावांना लागतो. केरसुणीला ‘मत्रेगिया’ म्हणतात, झाडायचं साधन. आपण लाटतो ते लाटणं, चाळतो ती चाळणी, तसं हे नाव बनलंय. मराठीत नाव ठेवायचं झालं तर ‘विसरवणी’ म्हणावं लागेल. ऐकायला विचित्र वाटेल, पण अर्थ तंतोतंत हाच.

हे नाव गमतीनं ठेवत नाहीत. घरात काहीतरी वाईट घडून गेलेलं असतं आणि त्यानंतर हे मूल आलेलं असतं. म्हणून एक विनंती, अर्थ पुन्हा विचारू नका. इंग्रजीत सांगता येत नाही असं ती म्हणाली ना? सांगता येतं. दोन शब्दांचं काम आहे.

---

मधुमालती

गोदाकाठकाका, वाचून पोटात गोळा आला. बाळंतपणानंतर पहिल्यांदा भेटायला गेले तेव्हा मी हसत हसत तिला विचारलं होतं, “पहिलंच ना?” ती “हो” म्हणाली होती. मी वर आणखी ‘पहिलटकरणीनं अमकं खावं, तमकं खाऊ नये’ असं अर्धा तास सांगत बसले.

---

तिरपा_डोळा

प्रकाटाआ (प्रतिसाद काढून टाकला आहे).

(वरचा आहेराचा विनोद होता. संपादकांनी तोही उडवला तर बरं.)

---

आत्याबाई_वाईकर

मधुमालती, मनाला लावून घेऊ नकोस गं. तुला काय ठाऊक होतं?

आपल्याकडेही हे सगळं होतंच. माझ्या सासऱ्यांच्या पाठीवरची तीन भावंडं गेली. चौथा जगावा म्हणून सुईणीच्या ओटीत टाकला आणि पसाभर कोंडा देऊन परत विकत घेतला. नाव कोंडिबा. भाऊबंदात दगडू होता, केरू होता, नाक टोचलेला नथू होता. मूल असं टाकाऊ नावाचं केलं की सटवाईची नि यमाची नजर पडत नाही. पण बघ, आपण मरणाला फसवायला नाव ठेवायचो. हे लोक घडलेलं उघड सांगतात, घडलं आणि आता विसरायचंय. हे मला जास्त धीटपणाचं वाटतं.

मुलींचं मात्र आपल्याकडे वेगळंच. आमच्या सातारा जिल्ह्यात २०११मध्ये २८५ ‘नकोशीं’ची नावं सरकारी कार्यक्रमात बदलली होती. एकीनं ऐश्वर्या घेतलं, कुणी आणखी काही. त्यांच्यात मुलींची नावं कशी असतात हो?

---

गोदाकाठ

आत्याबाई, हा प्रश्न विचारलात ते बरं झालं, कारण अम्हारिकची खरी श्रीमंती तिथेच आहे.

आपली नावं म्हणजे नामं. कमळ, चंद्र, विठ्ठल. त्यांची कितीतरी नावं म्हणजे क्रियापदासकट पुरी वाक्यं असतात. अबेबे, म्हणजे तो फुलला. मुलगी असली तर ‘अबेबेच’ (शेवटचा ‘च’ नावातलाच), ती फुलली. (अदिस अबाबामधलं ‘अबाबा’ म्हणजेही फूल. नवं फूल. राणी तायतूनं १८८६मध्ये हे नाव दिलं.) आणि मुलींच्या नावांच्या शेवटी जो ‘नेश’ येतो तो म्हणजे ‘तू आहेस’. तोही स्त्रीलिंगी. तिरुनेश, तू चांगली आहेस. वोर्कनेश, तू सोनं आहेस. दिंकनेश, तू नवल आहेस. म्हणजे पोरीला जेवायला हाक मारायची तरी आईच्या तोंडून आधी तिचं कौतुकच बाहेर पडतं. आमच्या अंगणात एक वोर्कनेश होती. दिवसभर उनाडक्या करायची आणि संध्याकाळी तिची आजी रागानं लाल होऊन गल्लीभर ओरडायची, “तू सोनं आहेस! कुठे मेलीस?”

वडीलधाऱ्यांना तिकडे नुसत्या नावानं हाक मारत नाहीत, आधी ‘गाशे’ लावतात. गाशा म्हणजे ढाल, गाशे म्हणजे माझी ढाल. माझ्या वडिलांना विद्यार्थी असंच म्हणायचे. पाच फूट दोन इंचांचे, चष्मेवाले, पोटाच्या तक्रारीचे गणिताचे मास्तर, आणि हाक ‘माझी ढाल’. आई शेवटपर्यंत हसायची.

---

धावता_धोटा

मी मॅरेथॉनवाला, त्यामुळे माझं अम्हारिक सगळं स्कोअरबोर्डावरचं. आज पहिल्यांदा कळतंय की मी इतकी वर्षं वाक्यं पाठ करत होतो! १९६०ला रोममध्ये अनवाणी मॅरेथॉन जिंकणारा अबेबे बिकिला म्हणजे ‘फुलला’? १९६४ला टोकियोत तो पुन्हा जिंकला, तेव्हा बुटांसकट.

आणि तिरुनेश दिबाबा! बीजिंगला २००८मध्ये ५,००० आणि १०,००० मीटर, दोन्ही सुवर्ण. तिघी बहिणी ऑलिंपिक पदकवाल्या. थोरली एजेगायेहू, मग तिरुनेश, मग गेन्झेबे. या दोघींच्या नावांचे अर्थ काय, काका?

---

गोदाकाठ

गेन्झेब म्हणजे पैसा, धन. गेन्झेबे म्हणजे माझं धन. एजेगायेहू हेही वाक्यच, ‘मी पुष्कळ पाहिलं’. ‘आयेहू’ म्हणजे मी पाहिलं. या शेपटीची नावं ढिगानं सापडतात. सिंतायेहू, ‘काय काय म्हणून पाहिलं मी!’, हे तर मुलगा-मुलगी दोघांनाही चालतं. ही नावं मुलाविषयी नसतातच. ठेवणाराच त्यातून बोलत असतो. आई दमलेली असते, सोसलेलं असतं, आणि ते सगळं पोराच्या नावात घालून ती मोकळी होते.

या बहिणींचं घर ओरोमो (तिथलाच दुसरा एक समाज, त्यांची भाषा वेगळी), नावं मात्र अम्हारिक. पूर्वी दरबार, शाळा, कचेरी यांची भाषा अम्हारिक असल्यानं असं पुष्कळ घरांत झालंय. बार्सिलोनाची १९९२ची सुवर्णविजेती देरार्तू तुलू हिचं नाव मात्र ओरोमो भाषेतलं आहे.

---

इतिहासाचा_किडा

‘आयेहू’वरून आठवलं. हे महाराष्ट्राच्या अगदी दारात येऊन पोचतं, म्हणून जरा लांबण लावतो.

सम्राट तेवोद्रोस दुसरा यानं युरोपी लोकांना कैदेत टाकलं म्हणून १८६७-६८मध्ये इंग्रजांनी त्याच्यावर स्वारी केली. ती स्वारी लंडनहून नाही निघाली, मुंबईहून निघाली. सेनापती रॉबर्ट नेपियर हा मुंबईच्या फौजेचा सरसेनापती. १३,००० सैनिक, त्याहून कितीतरी जास्त बिगारी आणि हमाल, आणि तोफा ओढायला ४४ हत्ती, तेही जहाजात घालून. आपल्या पुण्यातल्या खडकीच्या बॉम्बे सॅपर्सच्या युद्धसन्मानांत ‘ॲबिसिनिया’ (इथिओपियाचं जुनं नाव) आहे तो याच मोहिमेचा.

१३ एप्रिल १८६८ला मक्दाला किल्ला पडला. तेवोद्रोसनं स्वतःला गोळी घालून घेतली. राणी तिरुवोर्क (काका, हे ‘शुद्ध सोनं’ ना?) परतीच्या वाटेवर वारली. मागे राहिला सात वर्षांचा मुलगा, त्याला इंग्लंडला नेलं. त्याचं नाव अलेमायेहू, म्हणजे ‘मी जग पाहिलं’.

पाहिलं खरंच. विलायत, मग ज्याच्या ताब्यात होता त्या कॅप्टन स्पीडीबरोबर हिंदुस्थानात अवध, पुन्हा विलायत, तिथली नामांकित शाळा, मग सँडहर्स्टची लष्करी अकादमी. १८७९मध्ये लीड्सला वारला, वय १८. विंडसर किल्ल्यातल्या चर्चमध्ये पुरलाय. त्याच्या अस्थी परत द्या अशी मागणी अजून चालू आहे. २०२३मध्ये राजवाड्यानं पुन्हा नाही म्हटलं.

---

गोदाकाठ

हो, तिरुवोर्क म्हणजे बावनकशी. आणि जाता जाता, तेवोद्रोसचं राज्यावर येण्याआधीचं नाव होतं कासा, म्हणजे भरपाई. मितिकू म्हणजे त्याच्या जागी आलेला. ही सगळी मास्रेशाची भावंडं. ‘अलेम’ आणि आपल्याकडचं ‘आलम दुनिया’मधलं ‘आलम’ एकाच कुळातले. अरबी आणि अम्हारिक दोन्ही सेमिटिक भाषा.

---

इतिहासाचा_किडा

अवांतर: आणि ‘हबशी’ हा शब्दही तिथलाच. ते लोक स्वतःला हाबेशा म्हणवतात. जंजिऱ्याच्या मुलखाला हबसाण म्हणायचे ते यामुळे. मलिक अंबर तिकडचाच. लहानपणी गुलाम म्हणून विकला गेला आणि ‘अंबर’ हे नाव मालकानं दिलं. अंबर, याकूत, संदल, ही सगळी विकत घेतलेल्या पोरांना दिलेली नावं. सुगंध आणि रत्नं. त्याचं जन्माचं नाव चापू असल्याचं सांगतात. त्यानं १६१०मध्ये खडकी वसवली (नंतरचं औरंगाबाद, वरच्या पुण्यातल्या खडकीशी गल्लत नको), पण आईनं ज्या नावानं हाक मारली ते इथे कुणाच्या तोंडी राहिलं नाही.

---

लोदची_लेक

नमस्कार, मी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यूंपैकी. माझे आजीआजोबा रोह्याचे, माझा जन्म इस्रायलमधला. मराठी घरात बोलतो, लिहिताना चुका होतील, सांभाळून घ्या.

मास्रेशा वाचलं आणि लगेच मनश्शे आठवला. आमच्या धर्मग्रंथात, तोरामध्ये, योसेफ आपल्या थोरल्या मुलाचं नाव मनश्शे ठेवतो, कारण देवानं मला माझे कष्ट आणि बापाचं घर विसरायला लावलं. हिब्रूत त्याचा अर्थ अगदी हाच, विसरायला लावणारा. म्हणजे हे नाव ठेवायची रीत फार जुनी आहे.

आमच्या शाळेत इथिओपियाहून आलेली पुष्कळ मुलं होती. १९९१च्या मे महिन्यात दीड दिवसात १४,००० हून जास्त माणसं विमानांनी आणली होती. त्यांतल्या कितीतरी जणांना इथे उतरल्यावर हिब्रू नाव दिलं गेलं. माझ्या बाकावरची मैत्रीण शाळेत एक होती आणि घरी दुसरी. तिची आई शाळेच्या फाटकाशी येऊन तिला तिच्या खऱ्या नावानं हाक मारायची तेव्हा ती पटकन इकडेतिकडे बघायची, कुणी ऐकलं का. मोठी झाल्यावर तिनं अर्ज करून जुनं नाव परत घेतलं.

आमच्या लोकांनी कोकणात उलटं केलं होतं, आणि कुणी सांगितलं नव्हतं! शमुवेलचा सामाजी, इसहाकचा इसाजी. सिनेगॉगमध्ये एक नाव, बाजारात दुसरं.

---

मधुमालती

बापरे, एवढे प्रतिसाद! लोदची_लेक, तुमच्या मराठीला कुणी नावं ठेवणार नाही.

आता रविवारचं सांगा. चर्चमध्ये काय असतं? पेढे चालतील ना?

---

गोदाकाठ

पेढे अजिबात नकोत! सध्या त्यांचा मोठा उपास चालू आहे, हुदादे, ईस्टरच्या आधीचे ५५ दिवस. मांस, अंडी, दूध, तूप, लोणी सगळं बंद. शिवाय वर्षभर बुधवार-शुक्रवार असतातच. तुमची शेजारीण भिडेखातर पेढा घेईल आणि बाजूला ठेवून देईल. शेंगदाण्याची नाहीतर तिळाची चिक्की न्या, तुपाचा थेंबही न लावता.

विधी म्हणाल तर मुलाचा बाप्तिस्मा चाळिसाव्या दिवशी, मुलीचा ऐंशीव्या. भल्या पहाटे असतो. मुलाला धर्मपिता असतो, मुलीला धर्ममाता. बाळाला पाण्यातून काढलं की पुजारी त्याला दुसरं नाव देतो, ख्रिस्ती नाव. गेब्रे अमुक म्हणजे अमक्याचा सेवक, वोल्दे म्हणजे पुत्र, हायले म्हणजे सामर्थ्य. ‘हायले सेलासी’ हेही असंच, ‘त्रिमूर्तीचं सामर्थ्य’ (त्यांची त्रिमूर्ती, आपली नव्हे). एरवी तो तफारी होता, १९३०ला राज्याभिषेकाच्या वेळी त्यानं चर्चमधलं नाव पुढे केलं. सामान्य माणसाचं ते नाव मात्र चर्चपुरतंच. पुष्कळजण ते चारचौघांत सांगतही नाहीत, करणी-दृष्ट लागू नये म्हणून. आपलं कुंडलीतलं नावरस नाव आठवा. गळ्यात एक दोरा बांधतात, त्याला मातेब म्हणतात. तो पुष्कळांच्या गळ्यात जन्मभर राहतो.

तेव्हा चर्चमधलं नाव कानावर पडलं तरी इथे लिहू नका.

---

तिरपा_डोळा

आत्ता एक शहाणा प्रश्न विचारतो. त्या हातपायवाल्या अक्षरांत मास्रेशा कसं लिहितात? भेटकार्डावर लिहिलं तर त्यांना बरं वाटेल.

---

गोदाकाठ

ही सूचना आवडली. लिपीला फिदेल म्हणतात. आपली बाराखडी, त्यांची साताखडी. मूळ अक्षरं ३३, प्रत्येकाची स्वरानुसार सात रूपं, म्हणजे २३१. काना-मात्रा वेगळी लावत नाहीत, अक्षरालाच पाय फुटतो, कंबर वाकते किंवा कडं येतं. आपल्या नावात चारच अक्षरं आहेत. मा, स्, रे, शा. तिसऱ्याचा उच्चार पुरता ‘रे’ नाही, ‘र’ आणि ‘रे’च्या मधला. कागदावर मोठं काढून फोटो पाठवतो, ताईंनी गिरवावं.

---

मधुमालती

धागा वर काढतेय. रविवार पार पडला.

पहाटे साडेपाचला चर्चमध्ये होतो. बायका सगळ्या पांढऱ्या सुती कपड्यात, डोक्यावरून पांढरा तलम नेतेला. बाळ पाण्यात घातल्यावर असं किंचाळलं की माझा मुलगा घाबरून माझ्या मागे लपला, आणि त्याच क्षणी सगळ्या बायकांनी जिभा हलवून तो ‘लिलिलिलि’ आवाज काढला. अंगावर काटा आला. गळ्यात दोरा बांधला. दुसरं नाव मी ऐकलं आणि विसरले, काकांना दिलेल्या शब्दाला जागले.

मग घरी जेवण. इंजेरा (त्यांची आंबोळीसारखी भाकरी), चार प्रकारच्या डाळी, कोबी-बटाटा, आणि मग कॉफी. दाणे समोर भाजून, धूप लावून, तीन फेऱ्या. पहिली अबोल, दुसरी तोना, तिसरी बेरेका. तिसरीला तर पाणीच लागतं, पण ती घेतल्याशिवाय उठायचं नसतं असं कळलं. भेटकार्ड बघून शेजारणीच्या आईनं हसून माझं एक अक्षर दुरुस्त केलं. ‘शा’ला पाय कमी पडला होता.

आता जे सांगायचंय ते. आपण सगळ्यांनी धरून चाललो होतो की हिचं आधीचं मूल गेलं असेल. तसं नव्हतं. ती खरंच पहिलटकरीण. नाव आजीनं ठेवलंय. आजीचा मुलगा, म्हणजे हिचा भाऊ, उत्तरेकडच्या लढाईत गेला, २०२१मध्ये. तिसऱ्या कॉफीला शेजारणीनंच सांगितलं, आईला ऐकू जाणार नाही अशा बेतानं. आई त्यानंतर इकडे आली. आम्ही शेजारी राहायला आल्यापासून मी या बाईंना रोज पाहतेय, अंगण झाडताना, कचऱ्याचा डबा ओढताना, आणि नेहमी काळे कपडे. मला वाटायचं त्यांच्याकडे म्हाताऱ्या बायका काळंच नेसत असतील.

रविवारी त्या पांढऱ्यात होत्या. काठाला हिरवी-पिवळी नक्षी. मी त्यांना आधी ओळखलंच नाही.

---

आत्याबाई_वाईकर

सोमवारी गं? सोमवारी काय नेसल्या होत्या?

---

मधुमालती

आत्याबाई, मीही खिडकीतून तेच बघत होते. खोटं कशाला बोलू. सोमवारी पुन्हा काळंच. पण वरचा नेतेला पांढरा होता, आणि बाळ त्यातच गुंडाळलेलं.

---

धावता_धोटा

चिक्की खपली का?

---

मधुमालती

डबा रिकामा परत आला, वर त्यात भाजलेलं सातू आणि शेंगदाणे भरून. त्याला कोलो म्हणतात. चिक्कीसाठी विचारताय म्हणून सांगते, चिक्कीचाच गूळ घ्या, साधा गूळ घेतला तर ती चावायची नाही, चघळायची होते. आणि तूप नाही म्हणून ओट्याला तेलाचा हात मात्र भरपूर फिरवा. माझा पहिला घाणा ओट्यावरून उलथन्यानं खरवडावा लागला.